काळ बांधणारा पंडित आणि गच्चीवरची टाकी : कोल्हापूरच्या कारभाऱ्यांना खुले पत्र

प्रति,
अंबाबाई मंदिराची व्यवस्था पाहणारी मंडळी, शहरात बांधकामाचे परवाने देणारी मंडळी आणि महाद्वारासमोरच्या पेठांतले मिळकतदार यांस,

स. न. वि. वि.

किरणोत्सव, म्हणजे मावळत्या सूर्याचे किरण गाभाऱ्यातल्या अंबाबाईच्या मूर्तीपर्यंत पोचतात ते दिवस, तोंडावर आला की कोल्हापुरात एक पंडित नव्याने जन्माला येतो. भाषणांत येतो, निवेदकांच्या तोंडी येतो, मोबाइलवर फिरणाऱ्या मजकुरात तर हटकून येतो. त्याला नाव नाही, गाव नाही, गुरू नाही, शिष्य नाही. त्याने म्हणे काळ वश केला होता. ठरल्या दिवशी, ठरल्या घटकेला आईच्या पायाशी हजेरी लावायला सूर्याला त्यानेच भाग पाडले. त्याचे चरित्र एवढेच. वारसा म्हणून ९, १०, ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी, १ व २ फेब्रुवारी या सहा संध्याकाळी दाखवल्या जातात.

हा पंडित कल्पित आहे. त्याबद्दल आमची काही तक्रार नाही, गावाला गोष्टी लागतात. तक्रार ही की त्याच्या भरवशावर आपण सगळे निवांत बसला आहात. जादू एकदा करून झाली की तिची देखभाल कोणाच्याच अंगावर येत नाही. इथली करामत मात्र दर वर्षी राखावी लागते. किरण मुखापर्यंत न चढता कमरेपाशी थांबला की तीन दिवस चर्चा होते, बातम्या येतात, पाहणीची भाषा होते; मग पुढच्या तारखेपर्यंत सगळे गप्प. हे आता मुकाट्याने बघवत नाही म्हणून हे पत्र.

लिहिणाऱ्यांत कोणी जमीन मोजणारे आहेत, कोणी भौतिकशास्त्र शिकवणारे, कोणी पंचांगाचे गणित करणारे. कोन, उंची आणि वेळ ही आमची रोजची हत्यारे. आणि आई तर सगळ्यांचीच. आधी गणित मांडतो, कारण ते कळल्याशिवाय तक्रारीला वजन येणार नाही.

कोल्हापूरचा अक्षांश सुमारे १६.७ अंश उत्तर. इथला सूर्यास्त वर्षभरात नेमक्या पश्चिमेच्या दोन्ही बाजूंना साडेचोवीस अंशांपर्यंत सरकतो, जूनमध्ये उत्तरेकडे आणि डिसेंबरमध्ये दक्षिणेकडे. या पट्ट्यात तोंड असलेल्या कुठल्याही दारासमोर सूर्य वर्षातून दोनदा मावळणारच, मग ते देऊळ असो की गुऱ्हाळघर. अंबाबाई पश्चिमाभिमुख. किरणोत्सवाच्या दिवसांत सूर्याची क्रांती (विषुववृत्तापासूनचे त्याचे उत्तर-दक्षिण अंतर) सुमारे १७ अंश दक्षिण असते आणि तो पश्चिमेपासून १८ अंश दक्षिणेला, रंकाळ्याच्या अंगाला, मावळतो. महाद्वारापासून गाभाऱ्यापर्यंतची दारांची रांग त्याच बाजूला कललेली असणार हे यावरूनच कळते. पर्यटकांसाठीच्या काही मजकुरांत २१ मार्च आणि २१ सप्टेंबर या तारखा असतात. ती साफ चूक आहे. त्या सुमारास सूर्य नेमक्या पश्चिमेला मावळतो आणि आपल्या दारांच्या रेषेपासून १८ अंश लांब असतो.

२१-२२ डिसेंबरच्या सुमारे ४२ दिवस आधी नोव्हेंबरचे दिवस येतात, तितकेच दिवस उलटले की फेब्रुवारीचे. सूर्य जाताना ज्या जागेवरून गेला तिथूनच परत येतो. दिशा तीच राहते, घड्याळ मात्र बदलते. १० नोव्हेंबरला कोल्हापुरात सूर्यास्त सहाच्या ठोक्याला, १ फेब्रुवारीला साडेसहाच्या आसपास. नोव्हेंबरच्या सुरुवातीला सूर्यघड्याळ हातातल्या घड्याळाच्या सोळा मिनिटे पुढे असते, फेब्रुवारीच्या सुरुवातीला साडेतेरा मिनिटे मागे. हा अर्धा तास तिथून येतो. हा उत्सव तिथीनेही चालत नाही. चांद्रवर्ष अकरा दिवसांनी लहान. तिथी धरून बसलो तर पुढच्याच वर्षी सूर्य तीन अंश बाजूला सरकलेला सापडेल.

मग त्या पंडिताने केले असेल काय? सपाट जागेवर वर्तुळ काढायचे, मध्ये बारा अंगुळांचा शंकू, म्हणजे सरळ खुंटी, उभा करायचा. सकाळी शंकूच्या सावलीचे टोक वर्तुळाला शिवते तिथे एक खूण, दुपारनंतर पुन्हा शिवते तिथे दुसरी. दोन खुणांना जोडणारी रेघ पूर्व-पश्चिम. तिच्यावरून दोरीने हवी ती दिशा ताणायची, संध्याकाळी मावळत्या बिंबाच्या रोखाने खुंटी ठोकायची आणि वर्षभर धीर धरायचा. याला मंत्र लागत नाही. एकाच माणसाचे हे काम असेल असेही नाही. देऊळ चालुक्य-शिलाहार काळात टप्प्याटप्प्याने वाढले. लाकडी गरुड मंडप पुष्कळ नंतरचा. मूर्ती संकटकाळात हलवली होती, तिची पुन्हा प्रतिष्ठापना अठराव्या शतकातली. प्रत्येक वेळी कोणी गवंड्याने, सुताराने, पुजाऱ्याने ती रेघ मोकळी ठेवली. मंडपाचे खांब उभे करणाऱ्याने किरणाच्या वाटेत खांब येऊ दिला नाही, ही आमच्या दृष्टीने मूळ दिशा साधण्याइतकीच मोठी गोष्ट. त्या सुताराच्या नावाने मात्र कोणी भाषण करत नाही.

आता एका संध्याकाळी आत काय घडते ते पाहू. किरण महाद्वारातून येतो, गरुड मंडप, गणपतीसमोरचा भाग, कासव चौक, पितळी उंबरा, चांदीचा उंबरा असे करत गाभाऱ्यात शिरतो आणि चरणांवरून वर चढतो. सूर्य खाली जातो आणि उजेड वर चढतो, याचेच लोकांना नवल वाटते. कारण साधे आहे. उजेडाची वरची कड दाराच्या माथ्याने ठरते. सूर्य वर असेल तर माथ्याला घासून आलेला किरण पायाशीच पडतो. सूर्य जितका खाली, किरण तितका आडवा, आणि कड तितकी वर. या दिवसांत मावळतीचा सूर्य एक अंश उतरायला ४ मिनिटे २० सेकंदांच्या आसपास घेतो. बिंबाचा व्यास अर्ध्या अंशाहून किंचित जास्त, त्यामुळे अख्खे बिंब एखाद्या कडेमागे जायला सव्वादोन मिनिटे पुरतात.

सगळा खेळ शेवटच्या तीन-चार अंशांचा आहे, आणि तिथेच आपण दोन्ही बाजूंनी तो दाबला आहे.

पहिली तक्रार बाहेरची. १०० मीटरवर १ मीटर उंचीची वस्तू ०.५७ अंश झाकते, बिंब ०.५३ अंशाचे. म्हणजे गच्चीच्या नेमक्या कोपऱ्यात ठेवलेली मीटरभर उंचीची काळी टाकी आईचा अख्खा सूर्य गिळते. आकडे असे : सूर्य ३ अंशांवर असताना मूर्तीकडे येणारा किरण १०० मीटरवर मूर्तीच्या पातळीपेक्षा ५.२ मीटर उंचीवरून जातो, २०० मीटरवर १०.५ आणि ३०० मीटरवर १५.७ मीटर. जमीन सारखी धरली तर ३०० मीटरवरची चार मजली इमारत तेरा मीटर, कठडा एक मीटर, बेरीज चौदा. किरण वरून सुखाने जातो. गच्चीवर जिन्याची अडीच मीटरची खोली चढवा, तिच्यावर मीटरभर टाकी ठेवा. तेरात हे साडेतीन मिळवले की झाले साडेसोळा, किरणाच्या वर. इमारत निर्दोष, दोष तिच्या टोपीचा. आपली पाहणी मजले मोजते आणि टोपी मोजत नाही.

मालकांनीही एक समजून घ्यावे. ही वाट रुंद नाही. उत्सवाच्या आगेमागे एकेक दिवस धरून पाच दिवसांचा सूर्य आणि मावळताना त्याचे उत्तरेकडे सरकणे धरले तरी आडवा पट्टा तीन अंशांच्या आत राहतो. १०० मीटरवर हा पट्टा पाच-सव्वापाच मीटर, ३०० मीटरवर सोळा मीटर, त्यात दाराची रुंदी मिळवा. बऱ्याच ठिकाणी टाकी गच्चीच्या एका कोपऱ्यातून दुसऱ्या कोपऱ्यात नेली की काम भागते. नळकाम करणाऱ्याचे एका दिवसाचे काम. पेठच्या पेठ पाडायची भाषा करून लोकांना घाबरवले, म्हणून मालक मोजणीवाल्याला शिडीवर चढू देत नाहीत.

केबलवरून मात्र उगाच गदारोळ होतो. सूर्य बिंदू नाही, थाळी आहे; त्यामुळे कोणत्याही वस्तूची पूर्ण सावली तिच्या जाडीच्या सुमारे १०७ पट अंतरावर संपते. एक सेंटीमीटरच्या तारेची सावली मीटरभरातच विरते. दहा सेंटीमीटरचा खांब १०० मीटरवर फार तर बिंबाचा सातवा हिस्सा झाकेल. तारा काढल्याचे फोटो छापून येतात, टाकी जागेवरच राहते. फलकांचे सांगाडे, पत्र्याची शेड, कापडी कमानी यांची गोष्ट वेगळी. त्यांची रुंदी मीटरांत असते.

दुसरी तक्रार आतली, आणि हिच्याबद्दल कोणी बोलतच नाही. मूर्तीपासून २० मीटरवरच्या एखाद्या चौकटीच्या माथ्याला ३५ सेंटीमीटर लोंबणारे फुलांचे तोरण बांधले तर काय होते? उजेडाची वरची कड मूर्तीवर ३५ सेंटीमीटर खाली उतरते. ती पूर्वीच्या जागी यायला सूर्याला आणखी एक अंश खाली जावे लागते, म्हणजे चार-साडेचार मिनिटे थांबावे लागते. तेवढ्यात बाहेर सूर्य टाकीमागे गेलेला असतो. वरून तोरण उशीर करते, खालून टाकी घाई करते, आणि मधल्या मधे मुखदर्शन हुकते. बातमी येते ढगांची. तोरणासारखेच कॅमेऱ्याचे ब्रॅकेट, पंखा, दिव्याची पट्टी, दुरुस्तीत जाड झालेली तुळई. मंडपाच्या आणि दारांच्या प्रत्येक कामाआधी आणि कामानंतर माथ्याची पातळी सेंटीमीटरपर्यंत नोंदवायला हवी. ती नोंद लोकांसमोर कधी ठेवली जात नाही.

तिसरी तक्रार मोजण्याच्या पद्धतीची. किरण कुठवर गेला हे डोळ्यांनी ठरवले जाते आणि त्यावर वाद होतात. वाद होणारच, कारण १०० मीटरवरच्या कडेची सावली मूर्तीपाशी पोचेपर्यंत ९० सेंटीमीटरहून जास्त पसरट झालेली असते. एकाला उजेड छातीपर्यंत दिसतो, दुसऱ्याला गळ्यापर्यंत, आणि दोघेही खोटे बोलत नसतात. इथे लक्समीटर, म्हणजे उजेड मोजणारे यंत्रच हवे.

याच्याच पोटात एक गोष्ट आहे, ती जरा सावकाश वाचावी. ९ नोव्हेंबर आणि २ फेब्रुवारी या जुळ्या संध्याकाळी आहेत. दोन्ही दिवशी सूर्याची क्रांती जवळजवळ सारखी, १७ अंशांच्या किंचित आत. त्यामुळे आकाशातली वाटही तीच. १० नोव्हेंबरची जोडी १ फेब्रुवारीशी, ११ नोव्हेंबरची ३१ जानेवारीशी. आता परंपरेने सांगितलेला क्रम पाहा : दोन्ही वेळा पहिल्या दिवशी चरण, दुसऱ्या दिवशी कमर, तिसऱ्या दिवशी मुख. सूर्य तोच आणि दारे तीच असतील तर ९ नोव्हेंबरला किरण जिथवर जातो तिथवरच तो २ फेब्रुवारीला जायला हवा. नोव्हेंबरचा क्रम चरणांपासून मुखापर्यंत असेल, तर फेब्रुवारीचा क्रम मुखापासून चरणांपर्यंत हवा. परंपरा खोटी असे आम्ही म्हणत नाही. हवा, धूर, नवी बांधकामे, पाहण्याची सवय, यांतले काहीही कारण असू शकते. एवढे नक्की, की ज्या गावात सहा संध्याकाळी लोक डोळ्यांत प्राण आणून उभे राहतात त्या गावाला हे उत्तर माहीत असायला हवे होते. पंडिताने सगळे ठरवून ठेवले आहे असे मानले की कोणी मोजायला जात नाही, ते असे.

हवेबद्दल थोडक्यात. ३ अंशांवरचा किरण डोक्यावरच्या सूर्यापेक्षा सुमारे पंधरा पट हवेतून येतो. नोव्हेंबरात काही वर्षी दिवाळीचा धूर असतो, पुढे गळीत हंगामात पेटवलेला उसाचा पाला. हे आपल्या हातात पूर्णपणे नाही, पण आकाश कसे होते याची नोंद हातात आहे. ती नसली की दर अपयश ढगांच्या नावावर जाते आणि टाकी सुटते.

आता मागण्या.

महाद्वारासमोर २४९ ते २५३ अंश दिगंशाच्या (उत्तरेपासून पूर्वेकडून मोजलेल्या कोनाच्या) पट्ट्यातली क्षितिजरेषा टोटल स्टेशनने, म्हणजे कोन आणि अंतर मोजणाऱ्या यंत्राने, मोजावी. मापन मूर्तीच्या तीन पातळ्यांवरून व्हावे : चरण, कमर, मुख. होकायंत्र वापरू नये. आसपासच्या लोखंडाने सुई अंशभर सहज सरकते, आणि एक अंश म्हणजे सूर्याचे तीन दिवस. संगणकावर प्रतिकृती करणाऱ्यांनी वक्रीभवन धरावे. ३ अंशांवर हवा सूर्याला सुमारे १४ कला (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग) वर उचलून दाखवते, म्हणजे जवळजवळ अर्धे बिंब. मोजणीचा नकाशा मराठीत, आकड्यांसह, सर्वांना पाहायला ठेवावा. मालकाचे नाव नको. अंतर, उंची आणि किती मीटर जास्त एवढे पुरे.

पट्ट्यातल्या हलवता येण्याजोग्या वस्तू आधी हलवाव्यात आणि त्याचा खर्च मालकावर टाकू नये. टाकी हलवायला हजारांत पैसे लागतात, इमारतीवरून कोर्टात जायला वर्षे लागतात.

पट्ट्यातल्या नव्या परवान्यांत आणि पुनर्बांधणीत उंचीची अट मजल्यांत लिहू नये. मूर्तीच्या पातळीपासून मोजून, अंतराच्या ०.०५२ पट अशी लिहावी, आणि तिच्यात जिन्याची खोली, टाकी, सौर पत्रे, मोबाइलचा मनोरा सगळे धरावे. आज राहत्या असलेल्या घरांना या अटीने हात लावू नये.

किरणोत्सवाच्या दिवसांत दारांच्या माथ्याखाली काही लोंबू नये. सजावट चौकटीच्या बाजूंना करावी. फुले तितकीच लागतील.

दोन्ही हंगामांत सात-सात दिवस, घोषित तारखांच्या दोन दिवस आधीपासून दोन दिवस नंतरपर्यंत, ठरलेल्या जागी दर मिनिटाला लक्स नोंदवावा : महाद्वार, गरुड मंडप, पितळी उंबरा, चांदीचा उंबरा, चरणांची पातळी, कमरेची, मुखाची. लक्समीटर मूर्तीला न लावता शेजारी काठीवर ठेवता येतो, पूजेला अडचण नाही. आतले दिवे त्या अर्ध्या तासात बंद असावेत, नाहीतर आकडे दिव्यांचेच येतील. मोबाइलच्या घड्याळाची वेळ चालेल, भिंतीवरच्या घड्याळाची नको.

आणि माहितीफलक लावायचा झालाच तर त्यावर पंडिताची गोष्ट खुशाल लिहा, फक्त ती गोष्ट आहे असे लिहा. तिच्याखाली शंकूचे वर्तुळ काढा, सूर्याची दिशा आणि जुळ्या तारखा द्या. शाळेची पोरे अंगणात खुंटी ठोकून स्वतः पडताळू शकतील.

गच्च्यांची पहिली फेरी ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात व्हावी, म्हणजे टाक्या हलवायला महिना मिळेल. दुसरी जानेवारीच्या मध्याला, कारण मधल्या दोन महिन्यांत नव्या टाक्या आलेल्या असतात. फेरीला माणसे कमी पडत असतील तर कळवावे. शिडी आणि टोटल स्टेशन घेऊन आम्ही येतो, मानधन नको.

कळावे, लोभ असावा.

आपले,
मोजणीच्या कामातले काही करवीरकर